कुठली लाईन?

वर्गावर आलेल्या बाई फळ्यावर तारीख घालतात आणि पाठमोऱ्याच सांगतात, "चला, सगळ्यांनी आधी लाईन मारून घ्या." मागच्या दोन बाकांवर खसखस पिकते. बाई वहीतल्या समासाबद्दल बोलत असतात. मागच्या बाकांच्या डोक्यात खिडकीजवळ बसणारी कोणीतरी असते. बाई वळून विचारतात, "काय झालं हसायला?" काय झालं ते सांगायची सोय नसते. बाईंनाही ते ठाऊक असतं, कारण त्याही कधीतरी कुठल्यातरी खिडकीजवळ बसलेल्या असतात.

इंग्रजीतून मराठीत आलेले शब्द काही कमी नाहीत. पण टेबल आलं आणि टेबलच राहिलं. पेन, बस, कप, टायर हे सगळे सरळमार्गी कारकुनासारखे नेमून दिलेल्या कामापलीकडे कधी गेले नाहीत. लाईन मात्र कुठलं काम घेऊन आली होती हे आता सांगणं कठीण आहे, कारण तिला न जमणारं काम मराठीत उरलेलं नाही. ती जाते, येते, लागते, लागत नाही. ती मारतात, देतात, टाकतात, ओढतात, सोडतात, बदलतात. ती फुटते. ती क्लिअर होते. माणसं तिच्यात असतात, तिच्यावर असतात आणि वात्रट असतील तर तिच्यावर आणली जातात. दर वेळी ती वेगळीच असते. माझं तर मत असं, की मराठीत 'लाईन' या शब्दाला स्वतःचा अर्थ नाहीच. अर्थ पुढच्या क्रियापदाकडे असतो, आणि ते येईपर्यंत ऐकणाऱ्यानं दम धरायचा असतो.

घरात घेताना मराठीनं तिची रीतसर नोंद मात्र केली. ओळ ती, रांग ती, रेघ ती, रेषा ती. म्हणून लाईनही ती. मग सामान्यरूप दिलं: लाईनीत, लाईनीला, लाईनीतून. अनेकवचन लाईनी. हा मान सगळ्या पाहुण्यांना मिळत नाही. मुंबईत रोज लाखो माणसं ट्रेनमध्ये चढतात, पण "ट्रेनीत चढलो" असं कोणी म्हणत नाही. ट्रेनला 'मध्ये' लावून अजून ओसरीवरच बसवलंय. लाईन थेट माजघरात.

तिचं कुळ शोधायचं तर लंडनला थांबून भागत नाही, रोमपर्यंत जावं लागतं. लॅटिनमध्ये 'लिनम' म्हणजे जवस. जवसाच्या ताटांपासून धागा निघतो, त्या धाग्याचा दोरा म्हणजे 'लिनिया', आणि तीच इंग्रजीतली लाईन. उन्हाळ्यात घालायचा महागडा लिननचा शर्ट तिचा भाऊ. ब्लाऊज शिवताना टेलर ज्या 'लायनिंग'चे वेगळे पैसे लावतो ती तिची बहीण, कारण जुन्या काळी अस्तराला लिननचं कापड लावत. वनस्पतिशास्त्रात जवसाचं नाव आजही 'लिनम उसिटॅटिसिमम' असंच आहे. त्यातल्या दुसऱ्या, जीभ अडकवणाऱ्या शब्दाचा अर्थ 'अतिशय उपयोगाचं'. पुढे काय होणार आहे ते नाव ठेवणाऱ्याला कळलं असावं. तेव्हा नातं लावायचंच झालं तर चर्चगेटहून सुटणारी लोकल, "ती लाईनच देत नाही रे" म्हणून कट्ट्यावर उसासे टाकणारा तरुण आणि विदर्भात भाकरीबरोबर खातात ती जवसाची चटणी, हे तिघे एकाच घराण्यातले.

दोऱ्याचा हा मूळ अर्थ महाराष्ट्रात एकट्या गवंड्यानं सांभाळला. विटांचा थर सरळ यावा म्हणून तो दोन टोकांना जो दोरा ताणून बांधतो, त्याला म्हणतो लाईनदोरी. लाईन म्हणजे दोरीच, तेव्हा लाईनदोरी म्हणजे दोरीदोरी. भिंत तरीही वाकडी येते तो भाग वेगळा. बाकी जिथे इंग्रज खरोखर दोरीला लाईन म्हणतो, तिथे आपण तिला आत येऊ दिलेलं नाही. कपडे वाळतात ते दोरीवर, नाहीतर वलणीवर. मासे धरायचा नायलॉनचा दोरा म्हणजे तंगूस. आपल्याकडे दोऱ्यांना पुरेशी नावं होती. अडचण बाकीच्या गोष्टींची होती.

त्या बाकीच्या गोष्टींतली पहिली आली वाफेवर. 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदरहून ठाण्याला गाडी गेली, साधारण 34 किलोमीटर. गाडीसाठी मराठीनं झकास शब्द घडवला: आगगाडी. इंजिनातली आग दिसली, शब्द झाला. पण गाडी निघून गेल्यावर मागे जे दोन रूळ उरतात त्यांचं काय करायचं? 'लोहमार्ग' पाटीवर गेला, तोंडात लाईनच राहिली. गावोगावी "लाईनीपलीकडचा" आणि "लाईनीअलीकडचा" अशी माणसांची वाटणी झाली, आणि "म्हशी लाईनीत गेल्या" हे वाक्य आरडाओरडीला पुरेसं ठरलं.

मुंबईत तर लाईन म्हणजे गोत्र. वेस्टर्न, सेंट्रल, हार्बर. दोन अनोळखी मराठी माणसं लग्नाच्या पंगतीत शेजारी बसली की पहिला भात संपायच्या आत एकमेकांची लाईन काढतात. याच शब्दाला नोकरीधंदा असाही अर्थ असल्यामुळे स्थळं बघताना फार गोंधळ होतो.

"मुलगा कुठल्या लाईनला आहे?"

"सेंट्रल."

"तसं नाही हो. करतो काय?"

"आयटी लाईनला आहे. पण राहायला डोंबिवली."

मुलगी बोरिवलीची असेल तर बोलणी इथेच संपतात. पगार, पत्रिका, उंची, सगळं जुळलेलं असतं. लाईन जुळत नाही. दोन्ही लाईनी दादरला भेटतात हे खरं, पण तो पूल संध्याकाळी सात वाजता ज्यानं ओलांडला आहे तो आपल्या लेकीला रोज तो ओलांडायला लावणार नाही. वेस्टर्नवाल्यांना आपली लाईन वक्तशीर वाटते. सेंट्रलवाल्यांना आपली लाईन लांब, म्हणजे कसारा आणि खोपोलीपर्यंत, म्हणजे दिलदार वाटते. हार्बरवाल्यांना दोघेही विचारत नाहीत. खरं तर मान त्यांचा मोठा आहे. 3 फेब्रुवारी 1925 रोजी देशातली पहिली विजेवरची गाडी धावली ती व्हीटी ते कुर्ला, याच हार्बर लाईनवरून. पण मोठेपण सांगायला माणूस वेळेवर पोहोचावा लागतो.

याच खात्यातून आपल्याला 'लाईन क्लिअर' मिळालं. एकेरी मार्गावर समोरासमोर दोन गाड्या येऊ नयेत म्हणून पुढच्या स्टेशनानं "येऊ द्या" म्हटल्याशिवाय अलीकडच्या स्टेशनमास्तरनं गाडी सोडायची नाही. ही परवानगी म्हणजे लाईन क्लिअर. तिची खूण म्हणून कातडी पिशवीतला लोखंडी गोळा मोठ्या कड्याला अडकवून ड्रायव्हरच्या हातात द्यायचे. गोळा नाही तर गाडी नाही. इतकी कडक व्यवस्था मराठी माणसानं पाहिली आणि ती थेट आपल्या घरात लावली. "मी आईशी बोललेय, आता तू बाबांशी बोल, लाईन क्लिअर आहे." इथे गोळा कोणी देत नाही, म्हणून अपघात होतात.

आता 'मरीन लाईन्स'. हे स्टेशन वेस्टर्न लाईनवर आहे, पण त्यातली लाईन रुळांची नाही. इंग्रजांच्या छावणीत शिपायांची घरं एका रांगेत बांधत, आणि त्या रांगांना 'लाईन्स' म्हणत. मरीन बटालियनच्या लाईन्स म्हणून मरीन लाईन्स. बटालियन गेली, लाईन्स गेल्या, नाव स्टेशनला चिकटलं. नागपूरच्या सिव्हिल लाईन्समधली लाईनही रुळांची नाही. कोल्हापुरात कसबा बावड्याकडे लाईन बाजार आहे. आणि जिल्ह्याच्या प्रत्येक गावी पोलीस लाईन असते. तिथे वाढलेली मुलं "आम्ही लाईनीतले" असं एका खास आवाजात सांगतात, आणि पुढचा माणूस जरा सावरून बसतो. गंमत अशी, की पोलीस लाईन म्हणजे नुसती राहायची जागा. तिथे चाळीसारखे संडास, चाळीसारखी भांडणं आणि चाळीसारखा गणपती. पण 'लाईनीतला' म्हणताना बंदोबस्ताचा वास येतो तो येतोच.

विदर्भात गेलं की खाती बदलतात. पुणेकर म्हणतो "लाईट गेले". मुंबईकर म्हणतो "लाईट गेली". नागपूर-अकोल्याकडचा म्हणतो "लाईन गेली". पुण्याचा जावई पहिल्यांदा वऱ्हाडात सासरी गेला की हे ठरलेलं असतं. रात्री जेवताना अंधार होतो, आतून कोणीतरी ओरडतं, "गेली का लाईन?" सासरे शांतपणे म्हणतात, "गेली. येईल एक-दोन घंट्यात." जावयाला वाटतं, कोणीतरी बाई रागावून माहेरी गेली आणि घरच्यांना सवय आहे. पण जरा विचार केला तर वऱ्हाडी माणूस शास्त्रशुद्ध बोलतोय. लाईट कुठेही जात नाही. दिवा छताला आहे तिथेच असतो, बटणही जागेवर असतं. जाते ती तारेतून येणारी वीज. लाईट गेले असं म्हणणाऱ्या पुणेकरानं एकदा वर बघून दिवे मोजावेत. भाषाशुद्धीच्या बाबतीत पुण्याला कोणी शिकवायला जात नाही म्हणून हे राहून गेलं.

शेतकऱ्याची लाईन याहून वेगळी, कारण तिला वेळापत्रक असतं. "या आठवड्यात लाईन रात्रीची आहे" म्हणजे कांबळं, बॅटरी आणि काठी घेऊन थंडीत दारं धरायला मळ्यात जायचं. ही लाईन सांभाळणारा लाईनमन गावात सरपंचाच्या खालोखाल असतो आणि पावसाळ्यात सरपंचाच्या वर. महावितरणनं त्याला 'जनमित्र' असं सुंदर नाव दिलं. कागदावर तो जनमित्र आहे, खांबावर चढला की लोक खालून "ओ लाईनमन!" अशीच हाक मारतात. मित्र वर असताना इतकं लांबलचक नाव घेण्याइतका धीर खाली नसतो. आणि तोही त्याच हाकेला ओ देतो.

पाण्याचीही लाईन असते. पश्चिम महाराष्ट्रात "नदीवरनं लाईन आणली" म्हणणारा माणूस मिशीला पीळ देऊनच बोलतो, कारण त्या पाइपलाईनमागे सोसायटीचं कर्ज, चार भावकीतल्यांच्या बांधावरून खोदाई आणि दोन कोर्टकज्जे असतात. शहरात लाईन फुटते. गावात विजेची आणि पाण्याची अशा दोन्ही लाईनी एकत्र येतात, आणि मग मे महिन्यात ऐकू येतं: "लाईन नाही म्हणून मोटार बंद, मोटार बंद म्हणून लाईनीला पाणी नाही, लाईनीला पाणी नाही म्हणून टँकरला लाईन." बोलणाऱ्याला या वाक्यात काहीच अवघड वाटत नाही. ऐकणाऱ्यालाही नाही. ऑक्सफर्डचा प्राध्यापक आणून बसवावा आणि तीन लाईनींचा अर्थ विचारावा.

टँकरवरून आपण मुख्य लाईनीशी आलो. रांगेसाठी इंग्रजांचा शब्द 'क्यू', लाईन म्हणतात ते अमेरिकन. राज्य इंग्रजांनी केलं, शब्द अमेरिकेचा रुजला. क्यू मुंबईच्या बस स्टॉपवर काही काळ टिकला. जुने गिरगावकर अजूनही "क्यू लावा क्यू" म्हणतात. उरलेल्या महाराष्ट्रानं तो घेतला नाही. क्यू हा मुळात फ्रेंच शब्द, अर्थ शेपूट. आपल्याकडे शेपटाला उभं राहण्यात कोणालाच रस नसतो हे एक कारण असावं.

आपली लाईन ही जगातली एकमेव लाईन आहे, जिच्यात उभ्या असलेल्या माणसाला मागून येणारा विचारतो, "तुम्ही लाईनीत आहात का?" माणूस पिशवी घेऊन, खिडकीकडे तोंड करून, उन्हात घाम पुसत उभा आहे. तो आणखी कशात असणार? पण प्रश्न चुकीचा नसतो. आपल्या लाईनीत खरोखर लाईनीत असलेले लोक थोडे. एक जण यांच्याबरोबर आलेला असतो. एक जण "फक्त विचारायला" खिडकीपाशी गेलेला असतो आणि विचारता विचारता काम करून निघतो. एकाला सुट्टेच हवे असतात. एक बाई मघाशीच येऊन सांगून गेलेल्या असतात. कोणाला सांगून गेल्या, ते सांगणारा निघून गेलेला असतो. शिवाय पिशव्या, डबे, हंडे आणि चपला. रॉकेलच्या काळात डब्यांची लाईन पहाटे लागायची आणि मालक आठला यायचे. डबे कधी भांडत नसत. भांडणं मालक आल्यावर सुरू होत.

देवाच्या दारात लाईनीचेही प्रकार पडतात. लालबागच्या राजाला नवसाची लाईन वेगळी, मुखदर्शनाची वेगळी. पाटीवर 'रांग' लिहितात, विचारताना सगळे "नवसाची लाईन कुठून?" असंच विचारतात. पंढरपूरनं मात्र स्वतःचा शब्द सोडला नाही. तिथे दर्शनाची बारी असते, आणि आषाढीला ती कित्येक तास चालते. बारीत उभा राहिलेला वारकरी "तुम्ही लाईनीत आहात का?" असं विचारत नाही, अभंग म्हणतो. ज्याला शब्द बदलला की वागणूक बदलते असं वाटतं, त्यानं हा पुरावा जरूर वापरावा. मी वापरणार नाही, कारण मला दुसरा पुरावा माहीत आहे. मे 2020 मध्ये टाळेबंदीत दारूची दुकानं पहिल्यांदा उघडली, तेव्हा महाराष्ट्रानं जी लाईन लावली तिच्याइतकी सरळ लाईन आधी नोव्हेंबर 2016 च्या नोटाबंदीत बँकांसमोरही लागली नव्हती. रस्त्यावर खडूचे गोल, प्रत्येक गोलात एक माणूस, तोंडाला मास्क, कोणी पुढे घुसत नाही, कोणी "फक्त विचारायला" जात नाही. सगळ्यांना काय हवंय ते सगळ्यांना माहीत होतं.

फोनच्या लाईनीचं दुःख जुनं. एके काळी ट्रंक कॉल लावून दिवसभर बसायचं, आणि "लाईन मिळाली" की गल्लीभर ऐकू जाईल एवढ्या आवाजात "इकडे सगळं ठीक आहे" म्हणायचं. आता लाईन चटकन लागते. मध्यंतरी एका कंपनीच्या हेल्पलाईनला फोन केला. लाईन लागली. एक प्रेमळ बाई म्हणाली, लाईनवर राहा, आपण रांगेत आहात. म्हणजे हेल्पलाईनच्या लाईनवर मी लाईनीत. त्यानंतर सनई सुरू झाली. सनई संपली तेव्हा लाईन कट झाली, आणि मी घरच्या घरी, खुर्चीवर बसून, लाईनीच्या शेवटी जाऊन उभा राहिलो.

आता ज्यासाठी मागचे बाक केव्हाचे ताटकळलेत तो अर्थ. लाईन मारणे. इंग्रजीत या खात्यात 'पिकअप लाईन' असते, पण ते एक वाक्य असतं, पाठ केलेलं, थोडं चावट. मराठीत लाईन मारायला एक अक्षरही बोलावं लागत नाही. किंबहुना बोललं तर ती लाईन राहत नाही, ओळख होते. लाईन मारणे म्हणजे तिच्या क्लासच्या वेळेला त्याच रस्त्यानं सायकलवरून पुन्हा पुन्हा जाणे. समोरच्या पानाच्या टपरीवर काही न घेता उभं राहणे. गणपतीच्या आरतीला झांजा मागून घेणे आणि त्या चुकीच्या ठिकाणी वाजवणे. या सगळ्यात 'मारण्या'सारखं काय आहे ते मारणाऱ्यालाही सांगता येणार नाही. त्याचं व्याकरण मात्र पक्कं आहे. मुलगा लाईन मारतो, मुलगी लाईन देते. दिली नाही तर मित्र म्हणतात "लाईन सोड". दुसऱ्यानं आधीच मारायला घेतली असेल तर "ती याची लाईन आहे" अशी मालकीहक्काची नोंद होते. ही नोंद करताना संबंधित मुलीला कोणी विचारलेलं नसतं, हा या व्याकरणातला जुना दोष. मारणे आणि देणे ही दोन वेगळी क्रियापदं आहेत, दुसरं झाल्याशिवाय पहिलं चालू ठेवायचं नसतं, एवढं ज्यांना बालभारतीनं शिकवलं नाही त्यांच्यासाठी भारतीय न्याय संहितेत कलम 78 आहे. त्यात याच उद्योगाला पाठलाग म्हणतात.

मग लग्न होतं आणि घरचे म्हणतात, "आता लाईनवर आला." ही पुन्हा वेगळी लाईन.

बाकीच्या किरकोळ लाईनी उरकून टाकू. पोरगं दहावीनंतर सायन्स लाईनला जातं, ती झेपली नाही तर लाईन बदलतं. नाटकात लाईनी विसरतात. पहाटे विद्यार्थी पेपरची लाईन टाकतात आणि त्यावर फी भरतात. त्यांच्याबद्दल मला आदर आहे. राजकारणी पक्षाच्या लाईनीत असतात, सकाळपर्यंत. ऑफस्टंपच्या लाईनीवर पडलेला चेंडू सोडावा असं प्रत्येक मराठी बापानं टीव्हीला सांगितलेलं आहे. डेडलाईन हा शब्द अमेरिकेतल्या यादवी युद्धातला. 1864 च्या सुमारास अँडरसनव्हिलच्या तुरुंगात कुंपणाच्या आत एक रेषा ठरवलेली होती, ती ओलांडणाऱ्या कैद्याला पहारेकरी गोळी घालत. पुढे वर्तमानपत्रांनी शब्द घेतला आणि गोळी वगळली. मराठी दिवाळी अंकांच्या संपादकांना ही वगळलेली गोष्ट सप्टेंबरात फार खुपत असणार.

इस्पितळातली लाईन जरा सांभाळून ऐकावी लागते. अतिदक्षता विभागाबाहेर बाकावर बसलेल्या डोंबिवलीच्या काकांना डॉक्टर सांगतात, "पेशंटला सेंट्रल लाईन टाकावी लागेल." काका म्हणतात, "आम्ही पहिल्यापासून सेंट्रललाच आहोत, डॉक्टर." मानेजवळच्या मोठ्या शिरेतून हृदयाच्या जवळपर्यंत एक बारीक नळी सरकवतात, औषधं थेट पोहोचावीत म्हणून, तिला सेंट्रल लाईन म्हणतात. डॉक्टर समजावून सांगतात, काका मान डोलावतात, सही करतात आणि फोनवर घरी कळवतात, "काळजी नको. लाईन टाकतायत."

जिथे सरकार येतं तिथे मात्र लाईन दिसत नाही, रेषा दिसते. नियंत्रण रेषा, दारिद्र्यरेषा, पूररेषा. रेषा कागदावर असते, लाईन जमिनीवर. सांगली-कोल्हापूरकडे सरकार निळी पूररेषा म्हणतं, बिल्डर ब्लू लाईन म्हणतो, आणि पाणी दोघांचंही ऐकत नाही. दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला पिवळं रेशन कार्ड मिळतं, ते घेऊन तो लाईनीत उभा राहतो. रेषेखाली राहायचं आणि लाईनीत उभं राहायचं, हे दोन्ही त्यालाच करावं लागतं.

लाईनला हाकलून शुद्ध मराठी शब्द आणावा असं म्हणणारे अधूनमधून भेटतात. ऑक्टोबर 2024 मध्ये मराठीला अभिजात दर्जा मिळाल्यापासून जरा जास्त भेटतात. त्यांच्या हेतूबद्दल मला शंका नाही. सावरकरांनी मेयरला महापौर दिला आणि तो टिकला, कारण मेयर एकच काम करत होता. लाईनला हटवायचं तर रांग, ओळ, रेघ, दोरी, रूळ, वीज, नळ, शीर, पेशा, वसाहत, धोरण आणि प्रेम इतक्यांची एकाच दिवशी भरती करावी लागेल, आणि त्यातला कोणता शब्द कुठे हे ठरवायला समिती. शिवाय हाकलून पाठवणार कुठे? इंग्लंडात आता तिला कोणी ओळखणार नाही. "लाईन गेली म्हणून लाईन लागली नाही, नाहीतर सकाळीच लाईनीत येऊन उभा राहिलो असतो" हे वाक्य लंडनच्या कुठल्याही माणसाला ऐकवा. त्यात इंग्रजी आहे असं तो कबूल करणार नाही.

सध्याची सर्वांत नवी लाईन म्हणजे ऑनलाईन. लाईनी बंद व्हाव्यात म्हणून ती आली. सातबारा ऑनलाईन, दाखले ऑनलाईन, योजनांचे अर्ज ऑनलाईन. अर्ज भरायला मात्र तालुक्याच्या सेवा केंद्रावर जावं लागतं आणि तिथे लाईन असते. जुलै 2024 मध्ये लाडक्या बहिणींनी ती पाहिली आहे. तुमचा काही अर्ज भरायचा राहिला असेल तर सकाळी लवकर निघा. आधारला जोडलेला मोबाईल सोबत ठेवा, ओटीपी त्याच्यावरच येतो. पुढच्या माणसाला तो लाईनीत आहे का ते विचारून घ्या, रागावणार नाही. आणि घरातून निघण्याआधी केंद्रावर एक फोन करून लाईट आहे का ते विचारा. वऱ्हाडातले असाल तर लाईन.